सुक्या बोंबलामागची माशी

उमरगा समुद्रापासून शेकडो किलोमीटर दूर. तरी सुके बोंबील आणि सुकट इथल्या अनेक घरांत ओळखीची आहेत. कोकणातून इथवर टिकून येण्याआधी मासळीची एका माशीशी शर्यत झालेली असते. ती शर्यत मुलांना समजावून देण्याजोगी आहे, असे आम्हाला वाटते.

ही घरमाशी नव्हे. तिच्याहून मोठी, निळसर-हिरव्या चकाकीची, लालभडक डोळ्यांची. नाव क्रायसोमिया मेगासेफाला, म्हणजे मोठ्या डोक्याची. १७९४ मध्ये फॅब्रिशियसने तिचे वर्णन केले. मासळी वाळवण्याच्या जागी ती घोंघावते, तशी गावातल्या उकिरड्यावरही दिसते.

मादी ओल्या मासळीच्या कल्ल्यांत, तोंडात एका वेळी दोनशे-तीनशे अंडी घालते. उबदार हवेत सुमारे एका दिवसात अळ्या बाहेर पडतात. अळीला चावता येत नाही. ती पाचक रस सोडून अन्न पातळ करते आणि शोषून घेते. म्हणून तिला ओलावा हवाच! पोट भरले की ती वाळूत किंवा मातीत शिरून कोष करते.

आता बोंबील पाहा. ताज्या बोंबलात जवळजवळ नव्वद टक्के पाणी. कोळी लोक दोन बोंबलांची तोंडे एकमेकांत अडकवून ते बांबूंवर टांगतात. चहूबाजूंनी वारा लागतो, पाणी लवकर उडते. इतर मासळीला मीठ लावले की मीठ पाणी बाहेर ओढते. दोन्हींत माशीची संधी कमी होते. ढगाळ हवेत मात्र शर्यत माशी जिंकते. तेव्हा कीटकनाशक फवारण्याचा मोह धोक्याचा, कारण ते आपल्याच ताटात येते. मीठ, जाळी आणि उंच मांडव हेच बरे.

पण माशीला केवळ शत्रू ठरवू नये. आंब्याच्या मोहरावर परागीभवन करणाऱ्यांत ती आहे. तैवानमधले बागाईतदार तिला बोलावण्यासाठी बागेत मासळीचा कचरा ठेवतात.

करून पाहा : वर्गापासून दूर तीन बरण्यांत कोरडी माती घाला. एकीत ताज्या मासळीचा, दुसरीत भरपूर मीठ चोळलेल्या, तिसरीत कडक सुकवलेल्या मासळीचा तुकडा ठेवा. एक दिवस उघड्या ठेवून मग तोंडाला फडके बांधा. रोज निरीक्षणे नोंदवा. प्रत्येक वेळी हात साबणाने धुवा. कोष दिसताच उकळते पाणी ओतून सारे पुरून टाका.

अळ्या कोणत्या बरणीत झाल्या आणि का, हे मुलांनाच सांगू द्या.