परसातील वाल व त्याची काठी

मृगाच्या पावसानंतर लावलेला वालाचा वेल भाद्रपदापर्यंत काठीच्या शेंड्याला पोहोचतो, मांडव पानांनी भरून जातो, आणि तरीही त्यावर औषधालाही फूल सापडत नाही. अशा वेळी पुष्कळ घरी तो वेल वांझ ठरवून उपटून टाकण्यात येतो. हा निर्णय घाईचा होय. तो का, हे समजून घेण्यास जबलपूर हे सोयीचे ठिकाण आहे.

हे नगर सुमारे २३ उत्तर अक्षांशावर वसले आहे. तेथे जूनच्या अखेरीस दिवस सुमारे साडेतेरा तासांचा असतो. डिसेंबरात तो पावणेअकरा तासांवर येतो. वालाच्या जुन्या गावठी जाती या फरकावर आपले वेळापत्रक बसवितात. दिवस लहान होऊन रात्र पुरेशी लांबली, म्हणजेच त्यांना कळ्या धरतात. जूनमध्ये लावलेला आणि ऑगस्टमध्ये लावलेला वेल वयाने भिन्न असूनही पुष्कळदा थोड्याच दिवसांच्या अंतराने फुलतात, याचे कारण हेच. गार्नर व अ‍ॅलर्ड या अमेरिकन शास्त्रज्ञांनी सोयाबीन व तंबाखू यांवरील प्रयोगांतून हे तत्त्व १९२० साली मांडले. पुढे असेही सिद्ध झाले की, अशा वनस्पती वस्तुतः दिवस नव्हे तर अखंड अंधार मोजतात. म्हणून रस्त्यावरील प्रखर दिव्याखाली रात्रभर उजळलेला वेल फुलास उशीर करील, तर त्यात नवल नाही.

दिवसमानाचे हे बंधन न पाळणारे वाणही आता उपलब्ध आहेत. बंगळूरच्या भारतीय उद्यानविद्या संशोधन संस्थेचे अर्का जय व अर्का विजय हे त्यांपैकी होत. परंतु ते झुडूपवजा असल्याने त्यांना काठीचे प्रयोजन नाही. जबलपुरात १९६४ साली स्थापन झालेल्या जवाहरलाल नेहरू कृषी विश्वविद्यालयाचे वाण ‘जवाहर सेम’ या नावाने ओळखले जातात. सेम हे वालाचेच हिंदी नाव. नागपूरकर भोसल्यांचा अंमल या मुलखावर १७९८ पासून १८१७ पर्यंत होता, आणि येथील मराठी वस्ती जुनी आहे. त्यामुळे एकाच कुंपणाच्या अलीकडे वाल किंवा घेवडा आणि पलीकडे सेम, असा प्रकार येथे सहज घडतो. श्रावणघेवडा मात्र निराळा. तो मूळचा अमेरिकेतील आहे.

आता काठीविषयी. दोडका किंवा कारले यांना आधार पकडण्यासाठी तणावे असतात. वालाला ते नसतात. त्याचे खोडच आधाराभोवती वळसे घेते. कोवळा शेंडा हवेत सावकाश गोल फिरत असतो, कारण त्याची एक बाजू दुसरीपेक्षा जलद वाढते आणि ही जलद वाढणारी बाजू क्रमाक्रमाने बदलत जाते. चार्ल्स डार्विन याने १८६५ साली प्रसिद्ध केलेल्या निबंधात अशा फेऱ्या घड्याळ लावून मोजल्या आहेत. घेवड्याच्या शेंड्यास एका फेरीला सुमारे दोन तास लागत. फिरता फिरता काठी आड आली की वळसा पडतो. वरून पाहिल्यास वाल घड्याळाच्या काट्यांच्या उलट दिशेने चढतो. एखाद्याने कौतुकाने त्याला उलट गुंडाळून बांधले, तर नवा शेंडा पुन्हा आपल्याच दिशेने वळतो आणि बांधणाऱ्याचे श्रम फुकट जातात.

यावरून काठी कशी असावी हे ठरते. फार जाड खांबाला वळसा घालणे वेलाला जमत नाही. अंगठ्याहून थोडी जाड ते मनगटाएवढी काठी उत्तम. गुळगुळीत लोखंडी नळीवरून वेल घसरतो. तीच वापरावयाची असल्यास तिला सुतळी गुंडाळावी. बांबूची गोष्ट वेगळी. मंडला व बालाघाटच्या जंगलांमुळे तो या भागाला परका नाही, आणि पेरांवरील फाट्यांचे खुंट ठेवले तर वेलाला आयतीच पायरी मिळते. काठी अडीच ते तीन मीटर लांब घ्यावी. तिचे अर्धा मीटर टोक डांबर लावून जमिनीत पुरावे, आणि हे काम बी टोकण्यापूर्वीच उरकावे. मागाहून पुरल्यास मुळे तुटतात. भिजलेल्या पानांचा भार वाऱ्यात फार होतो, म्हणून तीन काठ्यांचे शेंडे एकत्र बांधलेली तिकाटी एकट्या काठीपेक्षा अधिक टिकते.

नर्मदेच्या खोऱ्यातील काळ्या जमिनीत पावसाचे पाणी साचते आणि मुळे कुजतात. यास्तव वाफा वीतभर उंच करावा. एकेका काठीशी दोनतीन बिया दोन ते तीन सेंटिमीटर खोल टोकाव्यात. खत जपून द्यावे. वालाच्या मुळांवरील गाठींत राहणारे जीवाणू हवेतील नत्र वेलाला मिळवून देतात (गाठ कापल्यावर आत गुलाबी दिसली, तर काम चालू आहे असे समजावे), आणि वरून युरिया घातल्यास हे काम मंदावते. पाने मात्र माजतात. वांझ म्हणून हिणविलेल्या कित्येक वेलांचा दोष मालकाच्या खताच्या पाटीत असतो.

हिवाळ्यात शेंगा लागल्यावर त्या कोवळ्या असतानाच तोडीत राहावे. बी पक्व होऊ लागले की नवा बहर मंदावतो. कोवळ्या शेंगांची भाजी निर्धास्तपणे करावी. वाळलेले वाल मात्र कच्चे खाऊ नयेत. त्यांत सायनाइड मोकळे करणारी द्रव्ये व पचनास अडथळा आणणारी प्रथिने असतात. रात्रभर भिजवून, ते पाणी फेकून, पुष्कळ नव्या पाण्यात उघड्या भांड्यात उकळावेत व तेही पाणी ओतून द्यावे. कोकणात बिरड्यासाठी वाल भिजवून, मोड आणून सोलतात.

बियाण्यासाठी निरोगी वेलाच्या काही शेंगा तशाच वाळू द्याव्यात. वालाचे परागण बहुतांशी आपल्याच फुलात होत असल्यामुळे घरचे बी पुढील वर्षी बहुधा त्याच गुणाचे निघते.