भारतातील सर्वोच्च शिखर : एक प्रश्न, तीन उत्तरे

भारतातील सर्वोच्च शिखर कोणते, या प्रश्नाला के-२, कांचनगंगा आणि नंदादेवी अशी तीन उत्तरे दिली जातात. प्रत्येक उत्तरामागील गृहीतक वेगळे आहे. ते स्पष्ट न करता केवळ आकडे शिकविल्यास विद्यार्थ्याच्या हाती पाठांतराखेरीज काहीच लागत नाही.

के-२ (८६११ मीटर) भारताच्या अधिकृत नकाशानुसार भारतात येते. प्रत्यक्षात ते पाकव्याप्त प्रदेश व चीन यांच्या सीमेवर आहे. कांचनगंगा (८५८६ मीटर) सिक्कीम-नेपाळ सीमेवर उभे आहे. सिक्कीम १९७५ साली भारताचे घटकराज्य झाले. तत्पूर्वी हे शिखर भारताचे म्हणता येत नव्हते. पूर्णतः भारतीय भूमीत असलेले सर्वोच्च शिखर मात्र उत्तराखंडातील नंदादेवी (७८१६ मीटर) होय. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी तर ते जगातील सर्वोच्च मानले जाई. पुढे तो मान कांचनगंगेकडे आणि १८५६ मध्ये एव्हरेस्टकडे गेला. शिखरे जागच्या जागीच होती. कधी मोजमाप बदलले, तर कधी सीमा.

समुद्रसपाटीपासूनची उंची हाच एकमेव निकष आहे, हेही एक गृहीतकच. 'उठाव' हा दुसरा निकष महाविद्यालयीन अध्यापनात क्वचितच येतो. एखाद्या शिखरावरून त्याहून उंच शिखराकडे जाताना, सर्वांत सोयीच्या मार्गानेही जितके खाली उतरावे लागते, तितका त्या शिखराचा उठाव. कांचनगंगेचे दक्षिण शिखर ८४९४ मीटर उंच आहे. तथापि मुख्य शिखराला ते धारेने जोडलेले असल्याने त्याचा उठाव दीडशे मीटरही भरत नाही. याउलट केरळातील अनाईमुडी अवघे २६९५ मीटर उंच असून त्याचा उठाव सुमारे २४८० मीटर आहे. पालघाटच्या रुंद खिंडीने अनाईमलाईची रांग निलगिरीपासून तोडली असल्यामुळे उत्तरेकडे जाणाऱ्यास जवळजवळ पायथ्यापर्यंत उतरावेच लागते. स्वतंत्र पर्वत कशाला म्हणावे, याचा निवाडा या आकड्यावरून अधिक नेमका होतो.

बहुपर्यायी प्रश्नपत्रिकेत निकष न लिहिता 'सर्वोच्च' विचारणे हा प्रश्नकर्त्याचाच दोष मानावा लागेल. अर्थात, प्रत्येक घोळ व्याख्येचा नसतो. पूर्व घाटाचे सर्वोच्च शिखर म्हणून ओडिशातील महेंद्रगिरीचे (१५०१ मीटर) नाव अनेकदा सांगितले जाते. त्याच राज्यातील कोरापुट जिल्ह्यातील देवमाळी १६७२ मीटर उंच आहे. येथे निकषाचा वाद नाही. दोन आकड्यांतील मोठा कोणता, एवढाच प्रश्न आहे.