पायांनी जपलेला इतिहास

२५ मे हा अमेरिकेत राष्ट्रीय टॅप डान्स दिन म्हणून पाळला जातो. बिल 'बोजँगल्स' रॉबिन्सन या थोर कृष्णवर्णीय नर्तकाचा हा जन्मदिवस. आपल्यापैकी बहुतेकांची टॅपशी ओळख मात्र फ्रेड अस्टेअर आणि जीन केली यांच्या चित्रपटांतून झाली. या नाचाची खरी वंशावळ समजून घ्यायची तर सेव्हियन ग्लोव्हरकडे वळावे, असे मला वाटते.

टॅपच्या बुटाला चवड्याखाली आणि टाचेखाली धातूची पट्टी असते. कथकात घुंगरू वाजतात, इथे बूटच वाद्य. १७४० साली साउथ कॅरोलायनात कायद्याने गुलामांचे ढोल बंद झाले. ताल मग हातापायांत उतरला. पुढे आयरिश जिग आणि इंग्लिश क्लॉग नाचाशी त्याची सरमिसळ होऊन टॅप घडत गेला.

हा इतिहास कागदावर फारसा उतरला नाही. नाच्यांनी तो रस्त्यावर, रंगमंचाच्या विंगेत एकमेकांचे पाहून शिकला. दुसऱ्याची चाल जशीच्या तशी उचलणे त्यांच्यात कमीपणाचे मानत. आपले काही घालावेच लागे. १९५० नंतर रंगमंचावरची कामे आटली. होनी कोल्ससारख्या दिग्गजालाही न्यूयॉर्कच्या अपोलो थिएटरात रंगमंच-व्यवस्थापकाची नोकरी धरावी लागली. शिकायला कोणी आले नसते, तर या मंडळींबरोबर त्यांची विद्याही गेली असती.

ग्लोव्हर आला. १९७३ साली न्यूअर्कमध्ये जन्मलेला हा मुलगा लहानपणीच ब्रॉडवेवर चमकला. १९८९ साली 'ब्लॅक अँड ब्लू' मध्ये तो जुन्या जाणत्यांच्या बरोबरीने नाचला. १९९६ साली ब्रॉडवेवर आलेल्या 'ब्रिंग इन दा नॉइज, ब्रिंग इन दा फंक' या प्रयोगाच्या नृत्यरचनेसाठी त्याला बाविसाव्या वर्षी टोनी पारितोषिक मिळाले. गुलामगिरीपासूनचा कृष्णवर्णीयांचा इतिहास त्यात टॅपमधून सांगितला होता. त्यातल्या एका प्रवेशात तो प्रेक्षकांकडे पाठ करून आरशांसमोर नाचतो, आणि त्याचा ध्वनिमुद्रित आवाज चौघांची नावे घेतो: चक ग्रीन, लॉन चेनी, बस्टर ब्राउन, जिमी स्लाइड. नाव घेतले की त्या त्या गुरूची ढब पायांतून दिसते. चेनीचा जमिनीला धरून असलेला, ढोलासारखा घुमणारा ठेका निराळा. लाकडी फळ्यांवरून घसरत जाऊनही तालात चोख राहणारा स्लाइड निराळा.

आपले गवई गुरूचे नाव घेताना कानाच्या पाळीला हात लावतात. ग्लोव्हरने तेच पायांनी केले. हे चौघेही आज हयात नाहीत. स्लाइड २००८ साली गेले. पण त्यांच्या चाली नावानिशी शिल्लक आहेत.

इथे आपली मुले भरतनाट्यम, कथक, तबला शिकतात. वर्षाकाठी कार्यक्रम होतो, टाळ्या पडतात. हा तोडा कोणी बांधला, आपल्या बाईंच्या गुरू कोण, हे मात्र क्वचितच कोणी विचारते. मुलांना ते विचारायला लावले पाहिजे. सांगू शकणारी माणसे आहेत, तोवरच उत्तर मिळेल.