चोवीस तासांची लघवी, तीही पूर्ण

माझ्या दवाखान्यात अनेक वर्षे येणाऱ्या एक काकू आहेत. वय एकाहत्तर. पतीच्या निधनानंतर काही महिन्यांनी त्यांना अधूनमधून विचित्र त्रास होऊ लागला. एकाएकी डोके ठणकायचे, छातीत धडधड व्हायची, चेहरा पांढराफटक पडायचा आणि दरदरून घाम सुटायचा. वीस-पंचवीस मिनिटांत सारे ओसरायचे. दवाखान्यात येईपर्यंत रक्तदाब जवळजवळ नेहमीसारखा झालेला असे. ही दुःखातून आलेली चिंता आहे असे मी समजून बसलो आणि धडधडीसाठी प्रोप्रॅनोलॉलची गोळी लिहून दिली. त्यानंतरचा झटका अधिक तीव्र होता. सुनेने घरच्या यंत्रावर मोजलेला वरचा रक्तदाब 210 भरला.

आपल्या दोन्ही मूत्रपिंडांच्या माथ्यावर अधिवृक्क ग्रंथी असतात, प्रत्येकी जेमतेम चार-पाच ग्रॅम वजनाच्या. त्यांच्या गाभ्यात ॲड्रिनॅलिन आणि नॉरॲड्रिनॅलिन ही संप्रेरके तयार होतात. या गाभ्यात उद्भवणाऱ्या गाठीला फिओक्रोमोसायटोमा म्हणतात. ती विरळाच, उच्च रक्तदाबाच्या हजार रुग्णांत दोन ते सहा जणांना. परंतु ती असताना बीटा ब्लॉकर गटातील औषध आधी दिले, तर रक्तवाहिन्या आकुंचन पावण्याच्या क्रियेला आवर उरत नाही आणि रक्तदाब उसळतो. माझ्या हातून नेमके हेच घडले होते. (हे वाचून आपली चालू असलेली बीटा ब्लॉकर गोळी कृपया बंद करू नका. बहुसंख्य रुग्णांसाठी ते उपकारक औषध आहे आणि ते एकाएकी थांबवणे घातक ठरते.)

ॲड्रिनॅलिन रक्तात लहरीलहरीने सुटते. दोन झटक्यांच्या मधल्या काळात तपासले तर ते पुष्कळदा सामान्य आढळते. मात्र गाठीच्या पेशींमध्येच असलेले एक विकर त्याचे मेटानेफ्रिन या द्रव्यात रूपांतर करीत असते, आणि हे काम झटका असो वा नसो, अखंड चालते. ज्युलियस ॲक्सेलरॉड या अमेरिकन शास्त्रज्ञाने 1957 साली हा मार्ग उलगडला. पुढे 1970 च्या नोबेल पुरस्काराचे ते एक मानकरी ठरले. म्हणूनच आज मूळ संप्रेरकाऐवजी हे विघटित द्रव्य मोजतात. माझ्या विद्यार्थिदशेत प्रचलित असलेली व्हीएमए चाचणी त्यापुढे बरीच तोकडी पडते.

ही चाचणी रक्तावर किंवा लघवीवर होते. रक्त घेण्यापूर्वी वीस ते तीस मिनिटे शांत पडून राहावे लागते. बसून घेतलेल्या रक्तात आकडा खोटाच वाढलेला दिसू शकतो. मूत्रपिंडे अशक्त असतील किंवा रुग्णाला लघवीवर ताबा नसेल, तर रक्ताचीच चाचणी सोयीची.

लघवी गोळा करण्याची पद्धत सांभाळणाऱ्यांनी नीट समजून घ्यावी. सुरुवातीच्या दिवशी सकाळची पहिली लघवी टाकून द्यावी आणि वेळ लिहून ठेवावी. त्यानंतर दिवसरात्रीची प्रत्येक लघवी बाटलीत, आणि दुसऱ्या सकाळी त्याच वेळची लघवीसुद्धा बाटलीतच. बाटलीत बहुधा आम्ल घातलेले असते. ते ओतून टाकू नये, बाटलीत थेट लघवीही करू नये. स्वच्छ भांड्यात घेऊन सावकाश ओतावी. शौचाला जाण्याआधी लघवी वेगळी करून घ्यावी, नाहीतर तेवढी हमखास वाया जाते. बाटली थंड जागी ठेवावी. काकूंची पहिली बाटली फुकट गेली, कारण दुपारी सून बाजारात गेली असताना त्या सवयीने न्हाणीघरात जाऊन आल्या आणि सांगायला विसरल्या.

औषधांची पूर्ण यादी डॉक्टरांना दाखवावी. मज्जातंतूंच्या वेदनेसाठी दिले जाणारे ॲमिट्रिप्टिलिन, कंपवाताचे लेव्होडोपा, सर्दीच्या काही गोळ्या, आणि काही प्रयोगशाळांच्या पद्धतीत साधे पॅरासिटामॉलही निकाल बिघडवते. काय थांबवायचे आणि किती दिवस, हे डॉक्टरांनीच ठरवावे. आकडा किंचित वाढलेला असेल तर धास्ती घेऊ नये. बहुधा कारण औषधात किंवा रक्त घेण्याच्या पद्धतीत सापडते. मर्यादेच्या तिप्पट-चौपट निघाला, तर मात्र गाठ असण्याची शक्यता फार मोठी.

आता ज्येष्ठांच्या विशेष उपयोगाची गोष्ट. पोटाचा सीटी स्कॅन भलत्याच कारणासाठी होतो आणि अहवालात अधिवृक्क ग्रंथीवर गाठ असल्याची ओळ येते. सत्तरीपुढे दहा टक्क्यांच्या आसपास लोकांत अशी गाठ सापडते. त्यांतल्या बहुतेक निरुपद्रवी असतात, आणि स्कॅनवर ती निखालस चरबीयुक्त दिसली तर मेटानेफ्रिन तपासण्याची सहसा गरज पडत नाही. एरवी मात्र शस्त्रक्रिया किंवा सुईने तुकडा काढण्याची भाषा कोणी केली, तर आधी विचारा: मेटानेफ्रिन पाहिले का? न तपासता सुई टोचल्यास वा भूल दिल्यास प्राणावर बेतू शकते. कॉर्टिसॉलची आणि रक्तदाब असल्यास अल्डोस्टेरॉनची तपासणीही याच वेळी करतात.

काकूंच्या दुसऱ्या बाटलीचा निकाल मर्यादेच्या पाचपट आला. स्कॅनमध्ये उजवीकडे चार सेंटिमीटरची गाठ दिसली. प्रोप्रॅनोलॉल मी आधीच बंद केले होते. एंडोक्रायनॉलॉजिस्टनी दोन आठवडे अल्फा ब्लॉकर गोळ्या दिल्या, भरपूर पाणी आणि थोडे जास्त मीठ घ्यायला सांगितले. बाकी रुग्णांना मीठ सोडा म्हणणारे डॉक्टर मलाच वाढवा कसे सांगतात, म्हणून काकूंनी मला दोनदा फोन करून खात्री केली. मग दुर्बिणीतून शस्त्रक्रिया झाली.

झटके थांबले आहेत. ही गाठ पुन्हा उद्भवू शकते, शिवाय काही कुटुंबांत ती आनुवंशिक असते, म्हणून जनुकीय तपासणीही करून घेतली. दरवर्षी एकदा बाटली येते. त्या दिवशी न्हाणीघराच्या दारावर सून मोठ्या अक्षरांत चिठ्ठी चिकटवते.