बाळंतिणीचा डबा आणि वऱ्हाडातली भट्टी

बाळंतिणीच्या खाण्यापिण्याचा विषय वृत्तपत्राच्या या पानावर यावा, याचे काही वाचकांना नवल वाटेल. हा विषय माजघरातला, आजीच्या आणि सुईणीच्या अखत्यारीतला, अशी आपली समजूत आहे. परंतु लोकांचे पोषणमान उंचावणे हे राज्याचे प्राथमिक कर्तव्य आहे असे राज्यघटनेचा ४७ वा अनुच्छेद सांगतो आणि गरोदर व स्तनदा मातेला बाळंतपणानंतर सहा महिन्यांपर्यंत मोफत आहार मिळण्याचा हक्क २०१३ च्या राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायद्याने दिलेला आहे. तेव्हा हा प्रश्न माजघराची चौकट ओलांडून केव्हाच सार्वजनिक जीवनात आलेला आहे. त्याकडे आपले लक्ष गेले नाही, एवढेच.

अलीकडे मोठ्या शहरांतून बाळंतिणीसाठी म्हणून खास बिस्किटे विकली जातात. ओट, जवस, यीस्ट आणि मेथी ही त्यांतील मुख्य द्रव्ये. 'दूध वाढविणारी बिस्किटे' अशी त्यांची जाहिरात असते आणि टपालाने ती अमरावती-अकोल्याच्या सुखवस्तू घरांतही येऊन पोचतात. ही कल्पना परदेशातून आली असे आपण मानतो. पण त्या पुड्यावरची यादी वाचली की वऱ्हाडातल्या कोणत्याही गृहिणीला हसू येईल. जवस हे तर विदर्भाचे जुने पीक. नागपूरच्या कृषी महाविद्यालयात त्यावर संशोधन चालते आणि 'पीकेव्ही एनएल २६०' हा तेथला वाण शेतकऱ्यांच्या परिचयाचा आहे. मेथीचे लाडू, अळिवाची खीर, सुंठ, खारीक, खोबरे, खसखस, मेळघाटच्या जंगलातला धावड्याचा डिंक आणि बिब्ब्याच्या बियांतून निघणारी गोडंबी, एवढा सरंजाम आपल्या आज्यांनी सव्वा महिन्याच्या त्या खोलीत आधीच मांडून ठेवलेला होता.

मग या खाण्याने दूध वाढते काय? येथे जाहिरातदार आणि आजीबाई यांचे एकमत असले, तरी शरीरशास्त्राचे म्हणणे थोडे निराळे आहे. दूध तयार होते ते मुख्यतः बाळ किती वेळा आणि किती नीट पिते, यावर. बाळाच्या ओढण्याने आईच्या मेंदूतील ग्रंथीला इशारा मिळतो आणि तिच्यातून पाझरणारा संप्रेरक रस दुधाची निर्मिती चालू ठेवतो. मेथीवर काही लहान प्रयोग झाले आहेत. त्यांतून ठाम निष्कर्ष निघालेला नाही. उलट, अर्धपोटी राहणारी आईसुद्धा बाळाला बऱ्यापैकी दूध पाजू शकते, हे अनेक देशांतील पाहणीतून दिसून आले आहे. निसर्ग बाळाची सोय करतो, पण तिचा हिशेब आईच्या शरीरातून चुकता करतो. आहारात चुना कमी पडला तर तो तिच्या हाडांतून जातो आणि चरबी कमी पडली तर तिच्या अंगावरची झडते. गर्भारपणात व बाळंतपणात खर्ची पडलेले लोह वेळीच भरून निघाले नाही, तर पुढचे बाळंतपण तिला जड जाते.

या एका गोष्टीने सगळ्या चर्चेचा रोखच पालटतो. बाळंतिणीला खाऊ घालावयाचे ते दूध वाढविण्यासाठी म्हणून नाही. ती स्वतः माणूस आहे आणि तिची झीज भरून निघावयास हवी, म्हणून. जाहिरातीतील आई हे दुधाचे साधन असते, आणि खरे सांगावयाचे तर आपल्या परंपरेतही 'लेकरासाठी खा' एवढाच आग्रह असतो. लेकरू वरच्या अन्नावर आले की तो आग्रह संपतो आणि तिचा लाडवाचा डबाही संपतो. बाळाच्या दुधाच्या डब्यांची जाहिरात करण्यास १९९२ च्या कायद्याने आणि २००३ च्या दुरुस्तीने मनाई केली. आईसाठी म्हणून विकल्या जाणाऱ्या भुकट्या आणि बिस्किटे त्या कायद्याच्या कक्षेत येत नाहीत. तेव्हा तेथे विवेक ग्राहकालाच करावा लागतो.

आता गरज किती, ते पाहू. भारतीय वैद्यक संशोधन परिषदेच्या शिफारशीप्रमाणे पहिले सहा महिने अंगावर पाजणाऱ्या आईला नेहमीच्या आहाराहून रोज ६०० कॅलरी अधिक लागतात. प्रथिने सुमारे १७ ग्रॅम जास्त लागतात, आणि कॅल्शियमची एकूण गरज १२०० मिलिग्रॅमपर्यंत जाते. हे काही राजेशाही मागणे नव्हे. दोन भाकरी, वाटीभर घट्ट वरण, मूठभर शेंगदाणे आणि तिळाची चटणी एवढ्यात त्यातील बराचसा भाग निघतो. आजीच्या यादीतील पदार्थही मोजून घेतलेले बरे. अळिवात १०० ग्रॅममागे १०० मिलिग्रॅम लोह असते, असे जुने तक्ते सांगत आणि पिढ्यान् पिढ्या तेच पाठ झाले. २०१७ साली हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने प्रसिद्ध केलेल्या तक्त्यांत तो आकडा पुष्कळच खाली आला आहे. अळीव वाईट ठरले असा याचा अर्थ नाही. परंतु राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या फेरीत महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के स्त्रियांत रक्तक्षय आढळला, तेथे लोहाच्या गोळीचे काम लाडवावर सोपवून चालणार नाही.

परंपरेचा हा डबा मिळतो तरी कोणाला? अमरावतीच्या ज्या जिल्हा स्त्री रुग्णालयाला लोक आजही 'डफरीन' म्हणतात, किंवा अकोल्याचे जे 'लेडी हार्डिंग' आहे, तेथील एकाच वॉर्डात शेजारशेजारच्या खाटांवर दोन बाळंतिणी असतात. एक शिक्षिका किंवा कारकून असते. तिला १८० दिवसांची पगारी रजा आहे, माहेर आहे, डिंकाचे लाडू आहेत. दुसरी शेतमजूर आहे. तिचे बाळंतपण कोजागिरीच्या सुमारास झाले, तर त्याच वेळी सोयाबीनची सोंगणी आणि कापसाची वेचणी तोंडावर आलेली असते. वेचणीचे काम बहुतांशी बायकांच्याच हातचे. सव्वा महिना पुरता होण्याआधीच ती वावरात दिसते. बाळ धुऱ्यावर झोळीत आणि दुपारची शिदोरी म्हणजे सकाळची भाकरी. २०१७ साली मातृत्व रजा २६ आठवड्यांची झाली, ती आस्थापनांत नोकरी करणाऱ्यांपुरती. शेतमजूर बाईसाठी अन्नसुरक्षा कायद्याने किमान ६००० रुपयांचे साहाय्य सांगितले. प्रत्यक्ष मातृवंदना योजनेत पहिल्या अपत्याला ५००० रुपये, आणि २०२२ पासून दुसरे अपत्य मुलगी असेल तर ६००० रुपये, अशी व्यवस्था झाली. एवढ्या रकमेत किती दिवसांची मजुरी बुडविता येईल, याचा हिशेब वाचकांनीच करावा.

त्यात पीकपद्धती बदलली. पूर्वी वऱ्हाडच्या वावरात कपाशीबरोबर ज्वारी असे, कडेला तीळ असे, रब्बीला जवस असे. मजुरीचा काही भाग ज्वारीत मिळे. सोयाबीन आले, हाती रोकड आली, आणि ज्वारी, जवस व तीळ वावरातून उठून दुकानाच्या पोत्यात जाऊन बसले. सोयाबीन पिकविणाऱ्याच्या घरी सोयाबीन शिजत नाही. ते तेलाच्या कारखान्याकडे जाते. २०२३ हे भरडधान्याचे आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून साजरे झाले, ज्वारीच्या पदार्थांची प्रदर्शने भरली. पण ज्या बाईच्या ताटातून ज्वारी कमी झाली, तिच्यापर्यंत तो सोहळा पोचला असे म्हणवत नाही.

सरकारने काहीच केले नाही, असे मात्र नाही. २ ऑक्टोबर १९७५ रोजी एकात्मिक बालविकास योजना देशात ३३ ठिकाणी सुरू झाली, त्यांत आपल्या अमरावती जिल्ह्यातील धारणीचा समावेश होता. म्हणजे अंगणवाडी या संस्थेच्या जन्मापासून मेळघाट तिचा साक्षीदार आहे. तरीही १९९३ साली मेळघाटातील बालमृत्यूंनी सारा महाराष्ट्र हादरला, आणि तेव्हापासून हा विषय उच्च न्यायालयात पुन्हा पुन्हा जात राहिला. २०१५ साली राज्याने आदिवासी भागासाठी डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम अमृत आहार योजना आणली. गरोदर व स्तनदा मातेला दिवसातून एक पूर्ण ताजे जेवण, त्यात भाकरी, भात, डाळ, भाजी, अंडे आणि शेंगदाणा-गुळाचा लाडू, ही कल्पना उत्तमच होती. मात्र आदिवासी क्षेत्राबाहेरच्या स्तनदा मातेच्या वाट्याला घरी न्यावयाचा शिधा, बहुधा पाकिटातला, हाच येत राहिला.

या पाकिटाचा इतिहास बोलका आहे. अंगणवाडीच्या पुरवठ्यात ठेकेदार नकोत, ते काम शक्यतो गावातील महिला मंडळांकडे व बचत गटांकडे द्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली बजावले. तरी महाराष्ट्रात निविदांच्या अटी अशा आल्या की लहान गट बाहेरच राहावेत. २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाला त्या निविदा रद्द कराव्या लागल्या. २००७-०८ च्या सुमारास बिस्किट उत्पादकांच्या संघटनेने तर शाळेतील शिजविलेल्या जेवणाऐवजी बिस्किटांचे पुडे द्यावेत, असा आग्रह खासदारांकडे धरला होता. ती सूचना फेटाळली गेली, हे योग्यच झाले. गरिबाच्या भुकेचे कंत्राट काढणारे नेहमीच तत्पर असतात.

असे असता प्रस्तुत लेखक पुन्हा बिस्किटांविषयीच कसे लिहितो, असा आक्षेप येईल. त्याचे उत्तर वऱ्हाडच्या एका जुन्या रिवाजात आहे. घरचे पीठ, तूप आणि साखर घेऊन गल्लीतल्या बेकरीच्या भट्टीवर जावयाचे आणि बिस्किटे भाजून डबा भरून आणावयाचा, हे आपल्याकडील मध्यमवर्गीयांना नवे नाही. पाव निघाल्यावर भट्टीत जी धग उरते, तिच्यावर हे काम होते. हाच रिवाज बाळंतिणीच्या उपयोगी का आणू नये? ३०० ग्रॅम ज्वारीचे पीठ, २०० ग्रॅम कणीक, २०० ग्रॅम फुटाण्याचे पीठ, १५० ग्रॅम भाजलेल्या दाण्यांचा कूट, १०० ग्रॅम तीळ, ५० ग्रॅम भाजून कुटलेले जवस, ३०० ग्रॅम गूळ आणि २०० ग्रॅम तूप, असा दीड किलोचा ऐवज घेतला, तर त्यात सुमारे ७००० कॅलरी आणि १६५ ग्रॅमच्या आसपास प्रथिने येतात. त्याचे बारा वाटे केले की एका वाट्यात रोजच्या वाढीव कॅलरी जवळजवळ पूर्ण होतात आणि प्रथिने १४ ग्रॅमपर्यंत मिळतात. ज्वारीच्या पिठाला चिकटपणा नसतो, म्हणून कणीक हवी. नाही तर बिस्किट हातात भुगा होते. जवसाचे तेल लवकर खवट होते, म्हणून एका वेळी दहा-बारा दिवसांपुरतीच बिस्किटे करावीत. सगळी भूक बिस्किटावर भागवू नये, कारण त्यात गूळ आणि तूप बरेच आहे. निम्मा वाटा बिस्किटांचा आणि निम्मा वरण, अंडे, पालेभाजी यांचा, हे प्रमाण बरे.

बिस्किटाचा गुण एवढाच की ते एका हाताने खाता येते, बाळ पाजताना खाता येते, वेचणीला जाताना ओच्यात बांधून नेता येते आणि मोजून देता येते. तालुक्याच्या गावी जेथे बेकरी आहे तेथे महिला बचत गटाने दुपारची भट्टी ठरवून घ्यावी, आशा सेविकेने नावे द्यावीत, आणि अंगणवाडीने पाकिटाच्या जागी हा डबा द्यावा. जेथे शिजविलेले जेवण मिळते तेथे ते मुळीच बंद करू नये. डबा त्याच्या जोडीला असावा. २०१७ साली स्तनदा मातेच्या आहारासाठी दिवसाला साडेनऊ रुपयांचा दर ठरला होता आणि २०२५ च्या अर्थसंकल्पात तो वाढविण्याचे आश्वासन मिळाले. त्या वाढीतील पैसा दूरच्या कारखान्याकडे जावा की ज्वारी पिकविणाऱ्या कास्तकाराकडे आणि भाजणाऱ्या बाईकडे, हा निर्णय अजून आपल्या हाती आहे. अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाने वाण द्यावेत, गृहविज्ञानाच्या विद्यार्थिनींनी मापे तपासावीत. यात अवघड असे काही नाही.

शिक्षक आणि कारकून वाचकांना आणखी एक विनंती करावीशी वाटते. आपल्या घरी भांडी घासणारी, शाळेच्या आवारात झाडणारी, शेतात निंदणारी बाई बाळंतपणानंतर दुसऱ्याच महिन्यात कामावर दिसली, तर 'किती कष्टाळू आहे' असे म्हणून आपण मोकळे होतो. तिचा कष्टाळूपणा हा आपल्या व्यवस्थेच्या दिवाळखोरीचा पुरावा आहे. तिच्या बाळाचे वजन अंगणवाडीच्या वहीत दर महिन्याला नोंदले जाते. तिने स्वतः आज काय खाल्ले, हे विचारणारा रकाना त्या वहीत यावयास हवा. आणि तो येईपर्यंत निदान आपण तरी तिला तेवढे विचारावे.