अतिशीत प्रदेशात घरातील कोथिंबीर

महाराष्ट्रात कोथिंबिरीची जुडी ही बहुधा भाजीबरोबर सहज पदरात पडणारी वस्तू होय. लडाखात जानेवारी महिन्यात तीच जुडी मिळविणे कष्टाचे होते. लेह शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ३,५०० मीटर उंचीवर आहे. तेथे वर्षाचा पाऊस जेमतेम १०० मिलिमीटर असून हिवाळ्याच्या रात्री पारा शून्याखाली २० अंशांपर्यंत उतरतो. झोजी खिंडीचा व मनालीकडील मार्ग बर्फाने बंद पडतात. हा बंद काळ अलीकडे कमी झाला आहे आणि विमानाने भाजीही येते. परंतु ती महाग पडते, व कोवळी पाने वाटेतच सुकतात. लेह येथे १९६२ साली स्थापन झालेल्या संरक्षण खात्याच्या प्रयोगशाळेने, म्हणजे आजच्या ‘डिहार’ संस्थेने, जमिनीत चर खणून व वर प्लास्टिक अंथरून हिवाळी भाजीपाला घेण्याची पद्धत प्रचारात आणली. ज्यांना अंगण नाही, त्यांना कोथिंबीर, मेथी, लसणाची पात व पुदिना घरातील खिडकीशी घेता येतो. महाराष्ट्रातून सैन्यात वा नोकरीनिमित्त तिकडे राहणाऱ्या कुटुंबांनाही ही माहिती उपयोगी पडेल.

प्रकाश पुरेसा, उष्णता अपुरी

थंडीत पीक प्रकाशाअभावी खुरटते, असा सर्वसाधारण समज आहे. लेहच्या बाबतीत तो खरा नाही. तेथे आकाश बहुतेक दिवस निरभ्र असते. डिसेंबरअखेर दुपारचा सूर्य क्षितिजापासून सुमारे ३२ अंशच वर येत असल्याने दक्षिणेच्या खिडकीतून ऊन खोलीत आतवर पोहोचते. लडाखी घरांतील ‘शेलखांग’ ही काचेची खोली याच उन्हासाठी बांधलेली असते. दिवसा बंद शेलखांग इतकी तापते, की दुपारी झडप थोडी उघडावी लागते. न उघडल्यास कोथिंबीर पाने सोडून लवकर फुलावर येते.

पीक दगावते ते रात्री. सूर्य मावळताच काच झपाट्याने थंड होते आणि तिला टेकलेले पान पहाटेपर्यंत गोठते. येथे एक चूक घरोघरी होते. गृहिणी खोलीच्या बाजूने जाड पडदा ओढते व कुंड्या काच आणि पडदा यांच्यामध्ये राहतात. पडद्यामुळे खोलीची ऊब त्यांच्यापर्यंत पोहोचत नाही. म्हणून पडदा नेहमी काच व कुंडी यांच्यामध्ये यावा, किंवा सायंकाळी कुंड्या उचलून आतल्या भिंतीशी ठेवाव्या. खिडकीच्या आतील बाजूस दोन-तीन सेंटिमीटर अंतर सोडून प्लास्टिकचा कागद ताणून बसविल्यास मधल्या हवेमुळे उष्णता कमी जाते. पाण्याने भरलेले व बाहेरून काळे रंगविलेले डबे दिवसा उन्हात ठेवल्यास ते रात्री साठविलेली ऊब हळूहळू सोडतात. तापमापक कुंडीजवळच टांगावा. ५ अंशांखाली कोथिंबिरीची वाढ जवळजवळ थांबते.

कुंड्यांना ऊब मिळावी म्हणून बंद खोलीत कोळशाची शेगडी रात्रभर कदापि ठेवू नये. तिच्यातून निघणाऱ्या विषारी वायूला रंग वा वास नसतो व माणसे झोपेतच मरतात. कुंडीभर कोथिंबीर गेली तरी चालेल.

माती, बी आणि पाणी

तेलाचा रिकामा पत्र्याचा डबा किंवा लाकडी खोके पुरते. खोली १५ ते २० सेंटिमीटर असावी व तळाला भोके पाडावी. तेथील माती रेताड व सेंद्रिय द्रव्याने हलकी असते. तिच्या दोन भागांत एक भाग चांगले कुजलेले शेणखत मिसळावे. लडाखात कोरड्या शौचालयाचे खत शेतात वापरण्याची जुनी रीत आहे व जवाच्या शेतासाठी ती योग्यच आहे. परंतु कच्च्या खावयाच्या पानांसाठी ते खत वापरू नये.

धने हलके रगडून त्यांचे दोन भाग करावे, रात्रभर भिजवावे व एक ते दीड सेंटिमीटर खोल पेरावे. वाण्याकडील धने पुष्कळदा जुने असतात, तेव्हा आधी वीस दाणे ओल्या फडक्यात बांधून उगवण पाहावी. थंडीत अंकुर दिसण्यास दोन-तीन आठवडे लागतात. बी गेले असे समजून लोक माती उकरतात, तसे करू नये. उगवेपर्यंत डबा चुलीजवळच्या उबदार जागी ठेवला तरी चालतो, कारण अंकुर येईपर्यंत त्याला उजेड लागत नाही. रोपे उपटून दुसरीकडे लावू नयेत, सोटमूळ दुखावते. दर पंधरा दिवसांनी नवा डबा पेरल्यास पुरवठा चालू राहतो. मेथी एका महिन्याच्या आसपास तयार होते. लसणाच्या पाकळ्या टोचून पात घेणे सर्वांत सोपे आहे, नवशिक्याने तेथूनच आरंभ करावा. पुदिना मात्र बियांऐवजी मुळे फुटलेल्या खोडाच्या तुकड्यांपासून लावावा.

हवा कोरडी असल्याने वरची माती लवकर सुकते आणि पाणी वारंवार घातले जाते. आत चिखल होऊन मुळे कुजतात. बोट दोन पेरे आत घालून कोरडेपणा जाणवला तरच पाणी द्यावे, तेही सकाळी. ओढ्याचे बर्फगार पाणी थेट न घालता रात्रभर घरात ठेवून घालावे. पानांखाली मावा आढळल्यास साबणाच्या सौम्य पाण्याने पाने धुवावी व पुढे स्वच्छ पाणी फिरवावे.

कोथिंबीर मुळासकट न उपटता बाहेरची पाने जमिनीपासून दोन बोटे वर खुडावी. मधला कोंब राहिल्यास त्याच डब्यातून आणखी एक-दोन वेळा पाने मिळतात.