करवत माशाची किंमत

तोंडापुढील लांब, दातेरी पात्यामुळे करवत मासा जाळ्यात सहज गुंततो. २००१ पासून त्यास वन्यजीव कायद्याचे संरक्षण आहे. तरीही त्याची मोठ्या दातांची जात आज अतिसंकटग्रस्त आहे. पिल्ले थोडी, वाढ मंद; झालेली तूट लवकर भरत नाही. त्याला जिवंत सोडावयाचे तर जाळे कापावे लागते, आणि जाळे हे तर कोळ्याचे भांडवल! लाभ सर्वांचा नि तोटा एकट्याचा, हा कुठला न्याय? २०१८ साली महाराष्ट्र शासनाने अशा जाळ्यापोटी २५,००० रुपयांपर्यंत भरपाई देऊ केली, हे उचितच झाले. सरकारी तिजोरीत समुद्रापासून दूरच्या वेरूळकरांचाही कर असतो. त्यांनीही हा भार आपला मानावा. मात्र भरपाई हंगामातच हाती पडावयास हवी; जाळ्यावाचून होडी किनाऱ्यालाच राहते.